शेवट माहीत असताना

लग्न तोंडावर आलंय. मित्रांबरोबर रात्रभर ढोसून घरी आलेला मॅक्स सकाळी अजून नीट शुद्धीवर नाही. तेवढ्यात घरातला माणसाच्या उंचीचा आरसा नोकराच्या धसमुसळेपणात फुटतो. मालक आता कुठल्याही क्षणी दाढीला येईल आणि नवी काच यायला वेळ आहे. मग नोकर एक शक्कल लढवतो. साधारण मॅक्ससारखाच दिसणाऱ्या आचाऱ्याला तो मॅक्ससारखे कपडे चढवतो आणि आरशाच्या रिकाम्या चौकटीपलीकडे उभा करतो.

मॅक्स येतो. तो तोंडाला साबण लावतो, समोरचाही लावतो. तो मान वाकडी करतो, समोरचाही करतो. मग मॅक्स थबकतो. काहीतरी चुकतंय, पण काय ते कळत नाही. तो समोरच्याला चकवायला बघतो, समोरचा चकत नाही. शेवटी एकदाचा उलगडा होतो. पण बदला घ्यायला मॅक्स परत येईपर्यंत चौकटीत खरी काच बसवून झालेली असते. मॅक्स आता पुरता शहाणा झालाय. समोरच्या आचाऱ्याला धडा शिकवायचा म्हणून तो बूट उगारतो, समोरचाही उगारतो, आणि बूट थेट नव्या कोऱ्या काचेवर.

आरसा फुटला की सात वर्षं वाईट जातात, अशी तिकडची समजूत. सिनेमाचं नावच 'सेव्हन इयर्स बॅड लक'. साल 1921. मुकपट. आरशाची ही गंमत रंगभूमीवर जुनीच होती आणि 1933 च्या 'डक सूप'मध्ये मार्क्स बंधूंनी केलेली आवृत्ती आज जास्त प्रसिद्ध आहे. पण त्याच्या बारा वर्षं आधी मॅक्स लिंडरने ती इतक्या निवांतपणे केली आहे की शंभर वर्षांनी, सहा इंचाच्या स्क्रीनवर, आवाज बंद ठेवून बघतानाही हसू येतं.

नावातली सात वर्षं मात्र त्याला मिळाली नाहीत. 1921 नंतर त्याच्याकडे जेमतेम चार वर्षं होती.

हे शेवटचं वाक्य वाचल्यावर वरचा प्रसंग बदलला का? तुमच्यापुरतं उत्तर शोधून ठेवा. हा सगळा लेख त्याच प्रश्नाबद्दल आहे.

*

मॅक्स लिंडर हे त्याचं घरचं नाव नव्हे. गाब्रिएल-मॅक्सिमिलियँ लव्हिएल. जन्म 16 डिसेंबर 1883, फ्रान्समध्ये बोर्दोजवळच्या सँ-लुबेस गावात. घरचे द्राक्षमळेवाले. म्हणजे पोराने मळा सांभाळायचा, वाइन विकायची, एवढं आयुष्य समोर आखून ठेवलेलं. पोराला नाटकाचं वेड लागलं. बोर्दोत अभिनयाचं शिक्षण झालं, मग पॅरिस, तिथल्या नाटकांत छोटी कामं, आणि 1905 च्या सुमाराला पाथे कंपनीच्या सिनेमांत उमेदवारी.

पाथे म्हणजे त्या काळातली जगातली सगळ्यात मोठी सिनेमा कंपनी. कोंबडा हे तिचं बोधचिन्ह. सिनेमे पाच-दहा मिनिटांचे असायचे आणि दुकानातल्या मालासारखे धडाधड तयार व्हायचे. नटाचं नाव कुणाला माहीत नसायचं. विनोदी सिनेमा म्हणजे पळापळ, पडापडी, तोंडाला पीठ, डोक्यात बादली. पाथेचा या प्रकारातला हुकमी माणूस होता आंद्रे दीद. तो इटलीत ट्यूरिनच्या कंपनीकडे गेला आणि पाथेत जागा रिकामी झाली.

1907 मध्ये मॅक्सने एक छोटा सिनेमा केला. एक नटूनथटून आलेला तरुण गोठलेल्या तळ्यावर पहिल्यांदाच स्केटिंग करायला जातो. डोक्यावर रेशमी उंच टोपी, अंगात झकास कोट, आणि पायाखाली बर्फ. पुढे काय होणार ते तुम्हाला माहीत आहे. पण गंमत पडण्यात नाही. पडल्यावर तो ज्या घाईने टोपी सावरतो, आपण पडलोच नाही असा जो चेहरा करतो, त्यात आहे. इथून पुढे जगभर ओळखला गेलेला 'मॅक्स' तयार झाला. बारीक मिशी, हातमोजे, छडी, चकचकीत बूट. चांगल्या घरातला, खाऊन-पिऊन सुखी, जरासा आगाऊ, बायकांच्या मागे लागणारा, आणि काही झालं तरी इभ्रत सांभाळायला धडपडणारा माणूस.

आधीचे विनोदी नट मुळातच येडे दिसायचे. मॅक्स शहाणा दिसायचा. शहाण्या दिसणाऱ्या माणसाची फजिती बघण्यात वेगळीच मजा असते, हे त्याने पडद्यावर नीट ओळखलं. चार्ली चॅप्लिनने पुढे टोपी, छडी आणि मिशी घेतली आणि ती एका भणंगाला दिली. चॅप्लिनने हे ऋण लपवलं नाही. मॅक्सला दिलेल्या फोटोवर त्याने स्वतःला त्याचा शिष्य म्हणवून घेतलं होतं.

*

1910 चा एक सिनेमा आहे, मॅक्स आंघोळ करतो, एवढीच गोष्ट. चाळीत राहिलेल्या कुठल्याही मराठी माणसाला तो सबटायटलशिवाय कळेल.

डॉक्टर मॅक्सला रोज आंघोळ करायला सांगतात. मॅक्स उत्साहाने टब विकत घेतो, घरी आणतो, आणि मग लक्षात येतं की खोलीत नळच नाही. नळ आहे बाहेर पॅसेजमध्ये, सगळ्यांचा. आधी तो भांड्याभांड्याने पाणी वाहून बघतो. टब काही भरत नाही. मग सरळ विचार करतो. पाणी टबाकडे येत नसेल तर टब पाण्याकडे न्यावा. पॅसेजमध्ये नळाखाली टब ठेवून मॅक्स मजेत आंघोळीला बसतो. शेजारी जिने चढतात, उतरतात. आरडाओरडा होतो. पोलीस येतात आणि त्याला टबासकट उचलून नेतात. शेवटी तो टब पाठीवर घेऊन कासवासारखा रांगत पळतो आणि चक्क इमारतीच्या भिंतीवर चढत जातो. भिंत जमिनीवर आडवी केली आहे आणि कॅमेरा वरून बघतोय, हे आपल्याला कळतं. तरी चालतं.

दुसरा 1911 चा. डॉक्टर अशक्तपणावर क्विनाईनच्या सालीचं टॉनिक देतात, मॅक्स भलामोठा पेला रिकामा करतो आणि तर्र होतो. रस्त्यात तो एकामागोमाग तीन बड्या लोकांशी भांडतो. त्या काळी इज्जतदार माणसं भांडण झालं की द्वंद्वाचं आव्हान म्हणून आपलं कार्ड देत. मॅक्सच्या खिशात तिघांची कार्डं जमतात. पुढे झिंगलेल्या मॅक्सला पोलीस पकडतात, खिशात कार्ड सापडतं, आणि पोलिसांचा सूर एकदम बदलतो. अरे, हे तर मोठे साहेब. सलाम ठोकून ते त्याला कार्डावरच्या पत्त्यावर अदबीने पोचवून येतात, म्हणजे ज्याच्याशी भांडला त्याच्याच घरी. तिथून हाकलला की पुढचे पोलीस, पुढचं कार्ड, पुढचं घर. खिशातल्या कागदावर माणसाची किंमत ठरवणाऱ्या व्यवस्थेची इतकी साधी टिंगल मी दुसरीकडे पाहिलेली नाही.

1910 ते 1914 ही त्याची वर्षं होती. तो स्वतः लिहायचा, स्वतः दिग्दर्शन करायचा. सिनेमांच्या नावातच 'मॅक्स' असायचं. मॅक्स बुलफायटर होतो, मॅक्स टँगो शिकवतो. लोक सिनेमा बघायला न जाता मॅक्सला बघायला जाऊ लागले. नटाच्या नावावर तिकीट खपतं हे जगाला शिकवणाऱ्या पहिल्या काही माणसांत तो आहे. स्पेन, जर्मनी, रशिया असे दौरे झाले, गर्दी उसळली. 1912 मध्ये त्याचा पाथेबरोबरचा करार दहा लाख फ्रँकांवर गेला. 1914 मध्ये त्याने पॅरिसच्या मोठ्या रस्त्यावरचं एक थिएटर विकत घेऊन त्याला स्वतःचं नाव दिलं. ते थिएटर आजही त्याच नावाने चालू आहे. ज्यांनी मॅक्स लिंडरचा एकही सिनेमा पाहिलेला नाही अशी माणसं आज 'मॅक्स लिंडरला जाऊ या' म्हणतात.

*

आता मी हे का लिहितेय ते सांगते.

माझे बाबा 1998 मध्ये गेले. त्यांनी स्वतःचं आयुष्य संपवलं. मी तीन वर्षांची होते. आमच्या घरात हे वाक्य असं सरळ कुणी म्हणत नाही. 'तुझे बाबा गेले तेव्हा' असं म्हणतात, जणू कामाला गेले होते आणि परत यायचं राहून गेलं. कारणं मी तुकड्यातुकड्यांनी ऐकली आहेत. सोसायटीचं कर्ज, आजोबांशी न पटणं, आणि कुणालाच नाव न देता आलेलं काहीतरी. आज आजारपणाला नाव आहे, टेलिमानसचा 14416 हा फुकट नंबर आहे, रात्री दोनला लावला तरी समोरून कुणीतरी बोलतं. कराडजवळच्या आमच्या गावात 1998 मध्ये यातलं काहीच नव्हतं. 'जरा देवळात जाऊन ये' एवढंच होतं.

मला बाबा आठवत नाहीत. फोटो आहेत, पण फोटोत ते ताठ उभे असतात, सगळेच असतात. हलणारे बाबा एकाच ठिकाणी आहेत. धाकट्या आत्याच्या लग्नाच्या कॅसेटमध्ये.

कॅसेट 1996 ची. बुरशी धरलेली. पुण्यात एका दुकानदाराने ती साफ करून मला पेन ड्राइव्हवर घालून दिली. अडीच तासांच्या त्या लग्नात बाबा एकूण अकरा सेकंद दिसतात. पंगत बसली आहे. बाबांच्या हातात जिलबीचं ताट. एक म्हातारे गृहस्थ पानावर दोन्ही हात आडवे धरून नको-नको करतायत. बाबा मान डोलावतात, 'बरं, नाही वाढत' असं दाखवतात, पुढच्या पानाकडे वळतात. म्हातारबा हात काढतात. बाबा मागे न बघता हात लांब करून जिलबी नेमकी त्यांच्या पानात टाकतात आणि तसेच पुढे जातात. मग हॅलोजनचा उजेड तोंडावर येतो, ते कॅमेऱ्याकडे बघतात, हसतात. संपलं.

त्यात बाबांचा आवाज नाही. त्या काळी शूटिंगवाले मूळ आवाज काढून सगळ्यावर सिनेमाची गाणी टाकायचे. त्यामुळे माझ्याकडे असलेले बाबा हा एक मुकपट आहे. अकरा सेकंदांचा, विनोदी.

ती क्लिप मी आमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकली तेव्हा आधी सगळे रडले. मग मोठी आत्या म्हणाली, "बघ, डोळ्यात तेव्हाच काहीतरी होतं." काका म्हणाले, "हसला की असा एकदम गप व्हायचा." दोन वर्षं आधीच्या जिलबीत सगळ्यांना शेवट दिसायला लागला.

आई काही बोलली नाही. रात्री फोन केला तेव्हा म्हणाली, "ते शिंदे मामा होते. शुगर होती त्यांना. तुझ्या बाबांना माहीत होतं. पण मामांना जिलबी पाहिजे होती, तेही माहीत होतं."

मॅक्स लिंडरबद्दल लिहिणारी बरीच माणसं माझ्या आत्यासारखी लिहितात. शेवटून सुरू करतात, आणि मग 1910 च्या टबातसुद्धा त्यांना दुःख तरंगताना दिसतं. हे कसं होतं ते मला माहीत आहे. शेवट वाचल्यानंतर मीही आरशाचा प्रसंग परत लावून त्याच्या डोळ्यांत बघत बसले होते. डोळ्यांत साबण जाऊ नये याची काळजी होती. दुसरं काही नव्हतं.

*

शेवट सांगायला तर हवाच.

1914 मध्ये महायुद्ध सुरू झालं. मॅक्स सैन्यात मोटारीतून निरोप पोचवायच्या कामावर गेला. तिथे तब्येत ढासळली, तो मेल्याची बातमीसुद्धा पसरली. वाचला, पण आधीसारखा झाला नाही. शरीराची दुखणी आणि मनाची काळोखी आळीपाळीने त्याच्यामागे लागली.

चॅप्लिन अमेरिकेतल्या एसने कंपनीतून बाहेर पडला होता. त्याची जागा भरायला कंपनीने मॅक्सला बोलावलं. शिष्याच्या रिकाम्या खुर्चीवर गुरूला बसवायचा हा प्रकार. 1916 च्या अखेरीला तो अमेरिकेला गेला. बारा सिनेमांची बोली होती, तीनच झाले. ते फारसे चालले नाहीत, तो आजारी पडला, परत आला. फ्रान्समध्ये 1919 मध्ये त्याने रेमाँ बर्नारच्या दिग्दर्शनाखाली एका वेटरची गोष्ट केली. या वेटरला अचानक मोठी संपत्ती मिळते, पण करारामुळे त्याला कॅफेत वेटर म्हणून राबावंच लागतं. मग पुन्हा अमेरिका, आणि या वेळी स्वतःच्या जबाबदारीवर तीन मोठे सिनेमे. आरशाचा सिनेमा त्यातला पहिला. तिसरा 1922 चा, डग्लस फेअरबँक्सच्या 'थ्री मस्केटियर्स'ची फिरकी घेणारा. त्यात सतराव्या शतकातले तलवारबहाद्दर फोन करतात आणि मोटारसायकलवरून फिरतात.

हे सिनेमे चांगले आहेत, आणि तरी त्यांनी अमेरिका जिंकली नाही. तोवर चॅप्लिन, हॅरल्ड लॉइड आणि बस्टर कीटन यांनी मैदान घेतलं होतं. मॅक्सने घालून दिलेल्या वाटेवरून बाकीचे इतके पुढे गेले की तो मागून आल्यासारखा दिसायला लागला.

परतल्यावर आबेल गाँससारख्या मोठ्या दिग्दर्शकाबरोबर त्याने एक छोटा सिनेमा केला. पछाडलेल्या वाड्यात रात्री एक तास मदत न मागता काढायची पैज. भुतं, प्राणी, सगळं होतं, तो डगमगत नाही. मग बायकोचा घाबरलेला फोन येतो, आणि तो मदतीची घंटा वाजवतो. सिनेमाचं नाव 'वाचवा!'. असल्या नावाचा अर्थ मागाहून लावणं फार सोपं असतं. मी तो लावणार नाही. तो त्या वेळी एक भुताटकीचा विनोदी सिनेमा करत होता.

1923 मध्ये त्याने एलेन पीटर्सशी लग्न केलं. तिला निनेत म्हणत. तो चाळिशीला आलेला, ती अठराच्या आसपासची. तो विलक्षण संशयी होता असं त्याच्याबद्दल सांगतात. 1924 च्या सुरुवातीला व्हिएन्नात दोघांच्याही जिवावर बेतलं होतं, त्यातून ते वाचले. त्याच वर्षी जूनमध्ये मुलगी झाली, मोद. ऑक्टोबर 1925 च्या अखेरीला पॅरिसच्या एका हॉटेलात दोघं गेले. मुलगी सोळा महिन्यांची होती.

दोघांनी मिळून ठरवलं होतं असं काही म्हणतात. त्याने तिला मरायला लावलं किंवा मारलं असं काही म्हणतात. बंद खोलीतलं खरं कळायला मार्ग नाही. पण वयाने दुप्पट, संशयी, जगप्रसिद्ध नवरा आणि विशीतली मुलगी यांच्यातल्या 'दोघांनी मिळून' या शब्दांवर माझा विश्वास बसत नाही.

इथे माझी आणि मॅक्सची गोष्ट वेगळी होते, आणि ती वेगळी ठेवणं मला गरजेचं वाटतं. माझे बाबा एकटे गेले. मॅक्सने दुसऱ्या एका माणसाला बरोबर नेलं. 'विदूषकाच्या हसण्यामागचे अश्रू' वगैरे लिहिताना निनेत गळून पडते. मॅक्सचे सिनेमे आहेत. निनेतचा सिनेमा नाही. तिची गंमत कशात होती, ती कशावर हसायची, पुढे काय करणार होती, हे दाखवणारी अकरा सेकंदंसुद्धा नाहीत. मॅक्सचं सुरुवातीचं हसू शेवटापासून वाचवायचं असेल, तर तेवढ्याच आग्रहाने शेवटात निनेतचं नाव घेतलं पाहिजे. एक केलं म्हणून दुसऱ्यातून सुटका होत नाही.

*

मोदला आईकडच्या आजीने वाढवलं. वडिलांचा चेहरा तिला आठवण म्हणून मिळाला नाही, तो पडद्यावर मिळाला.

ती मोठी होईपर्यंत मॅक्स जवळजवळ पुसला गेला होता. बोलपट आल्यावर मुकपटांना किंमत उरली नव्हती. त्या काळची फिल्म नायट्रेटची असायची. भराभर पेटणारी, नाही पेटली तर कुजून पावडर होणारी. मॅक्सने काही शेकडो सिनेमे केले, त्यातले पुष्कळ आज नाहीत. मोदने उरलेले शोधायला सुरुवात केली. 1963 मध्ये तिने अमेरिकेतल्या तीन सिनेमांतून एक संकलन तयार करून लोकांसमोर आणलं. 1983 मध्ये रेशमी टोपीतल्या माणसावरचा माहितीपट केला. 1992 मध्ये पुस्तक लिहिलं. त्याचं नाव, मराठीत सांगायचं तर, 'मॅक्स लिंडर माझे वडील होते'. 2017 मध्ये, वयाच्या 93 व्या वर्षी ती गेली. म्हणजे बापाच्या जवळजवळ सव्वादोनपट जगली, आणि त्यातला मोठा भाग तिने त्याच्या फिल्म गोळा करण्यात घालवला.

ज्याने तिच्या आईला हिरावून घेतलं त्या माणसासाठी. हे मी बरेच दिवस समजून घ्यायला बघत होते. तिने त्याला माफ केलं का? त्याबद्दल तिच्या वतीने बोलायचा मला हक्क नाही. मला दिसतं ते एवढंच की तिने शेवट लपवला नाही आणि सिनेमे फेकूनही दिले नाहीत. पुस्तकाच्या नावात तिने 'होते' म्हटलं. महान होते, दुर्दैवी होते, असं काही म्हटलं नाही. नुसतं वडील होते.

आपल्याकडच्या मुकपटात याचं एक उलटं चित्र आहे. 1913 मध्ये, मॅक्स युरोपात शिखरावर असताना, दादासाहेब फाळक्यांनी मुंबईत 'राजा हरिश्चंद्र' दाखवला. त्यांच्या 1919 च्या 'कालिया मर्दन'मध्ये कृष्ण झाली आहे त्यांची लहानगी मुलगी मंदाकिनी. सिनेमाच्या सुरुवातीला ती नुसती कॅमेऱ्यासमोर येऊन वेगवेगळे भाव करून दाखवते. राग, हसू, भीती. फाळक्यांचेही बहुतेक सिनेमे नष्ट झाले. जे उरलं त्यातलं बरंचसं पी. के. नायर यांनी पुण्याच्या फिल्म संग्रहालयासाठी मिळवून ठेवलं म्हणून उरलं. तिथे बापाने मुलीचा चेहरा फिल्मवर जपला. इकडे मुलीने बापाचा. दोन्हीकडे फिल्म तीच, ज्वालाग्राही, नाशवंत, आणि कुणीतरी डबे सांभाळले म्हणून वाचलेली.

सांभाळणाऱ्यांनी शेवटाला सगळ्याचा मालक होऊ दिलं नाही, हे मला महत्त्वाचं वाटतं. माणूस ज्या क्षणी एखादी गोष्ट करतो तेव्हा त्याला पुढचं माहीत नसतं. आपल्याला असतं, एवढाच फरक. आपल्याला माहीत असलेलं त्याच्या डोळ्यांत ठेवून द्यायचं आणि मग म्हणायचं, बघा, तिथेच होतं. यात दिलासा असतो, हे मी नाकारत नाही. आत्याला त्यातून एवढं मिळतं की सगळं आधीच ठरलेलं होतं, आपण काही करू शकलो नसतो. पण त्याची किंमत मोठी आहे. त्या बदल्यात जिलबी द्यावी लागते. शिंदे मामा द्यावे लागतात. आणि जो आत्ता, आज, आपल्या आजूबाजूला हसतोय आणि आतून ढासळतोय, त्याच्याबद्दलही आपण उद्या हेच म्हणणार, की ठरलेलंच होतं. ठरलेलं नसतं. मॅक्स 1924 मध्ये एकदा वाचला होता. वाचल्यावर पुढचे दिवस वेगळे जाऊ शकतात. त्याच्या बाबतीत गेले नाहीत. निनेतला तर ती संधीसुद्धा दुसऱ्याच्या हातातून मिळायची होती.

मॅक्सचे बरेच छोटे सिनेमे नेटवर फुकट आहेत. दहा मिनिटांच्या आतले, लोकलमध्ये दोन-तीन स्टेशनांत संपणारे. कुठून सुरू करायचं असं कुणी विचारलं तर मी आंघोळीचा सांगते. पॅसेजमधल्या सार्वजनिक नळाशी टोपीवाला एक माणूस उभा आहे. साल 1910 आहे. युद्ध व्हायचं आहे, अमेरिका व्हायची आहे, निनेत अजून पाच वर्षांच्या आसपासची पोर आहे आणि त्याला माहीतही नाही. त्याची अडचण एकच आहे. पाणी इथे आणि टब तिथे. तो थोडा वेळ विचार करतो. मग टब उचलायला जातो.